आपल्या पाठीमागचा डोंगर

स्मरणिका समितीने माझ्यावर काम सोपवलं ते असं : "काका, सोसायटीचा इतिहास तुम्हीच लिहा. तुम्ही पहिल्या दिवसापासूनचे." मी हो म्हटलं आणि कपाटातून मिनिट्सची जुनी बुकं काढली. २००० साली नोंदणी झाली तेव्हापासूनची सगळी आहेत. गळती, लिफ्ट, पंप, वॉचमनचा पगार, गणेशोत्सवाची वर्गणी हे सारं त्यात आहे आणि सेक्रेटरींच्या अहवालात ते येईलच. पण वाचता वाचता एक गोष्ट ध्यानात आली. आपल्या सोसायटीवर मोठ्या काळजीची वेळ जेव्हा जेव्हा आली, तेव्हा तिचं मूळ आपल्या मागच्या डोंगरात होतं. २००४ मध्ये, २००५ मध्ये, आणि मग २००६ पासून २०१४ पर्यंत सलग. यंदाच्या वार्षिक सभेपुढे मागच्या पट्टीत पार्किंग करण्याचा जो ठराव येतो आहे, त्याचाही संबंध त्याच डोंगराशी आहे. तेव्हा म्हटलं, इतिहास लिहायचा तर डोंगरापासूनच लिहू.

मी बँकेत नोकरी केलेला माणूस, इतिहासकार नव्हे. पंचवीस वर्षं गच्चीवरून जे पाहिलं आणि त्यापायी जे वाचलं, तेवढंच सांगतो.

आपल्या गच्चीवर संध्याकाळी उभं राहिलं की मुलुंडचा भूगोल एका नजरेत येतो. पूर्वेला रेल्वे, हायवे, त्यापलीकडे मिठागरं आणि ठाण्याची खाडी. पश्चिमेला डोंगर. मुंबईत इतरत्र सूर्य समुद्रात बुडतो, आपल्याकडे तो डोंगराआड जातो, म्हणून आपली सावली लवकर पडते. माझी चुलत वहिनी बोरिवलीला राहते. तिच्या खिडकीतून सूर्य याच डोंगरामागून उगवतो. सरळ रेषेत पाहिलं तर तिच्या आणि आमच्या घरात आठ-दहा किलोमीटर अंतर. पण भाऊबीजेला जायचं तर घोडबंदरचा नाही तर पवईचा वळसा. मधे डोंगर आहे म्हणून.

हा डोंगर तसा लहान. सर्वांत उंच माथासुद्धा पाचशे मीटर भरत नाही. आपल्या कळसूबाईची उंची १६४६ मीटर, त्यापुढे ही टेकडीच. दगड मात्र सह्याद्रीच्याच घराण्यातला, काळा बसाल्ट. सहा-साडेसहा कोटी वर्षांपूर्वी दख्खनच्या पठारावर लाव्हाचे थरावर थर पसरले, त्यांतलेच हे थर, मुंबईकडे येताना पश्चिमेकडे कललेले. अंधेरीची गिल्बर्ट हिल याच काळ्या दगडाची. तिथे उभ्या खांबांसारखा दगड दिसतो. आपल्याकडे खांब नाहीत, पण पाया खणताना जो कातळ लागला आणि बांधकाम चार महिने रखडलं, तो हाच.

उत्तरेला वसईची खाडी, दक्षिणेला पवई-विक्रोळी-घाटकोपरच्या टेकड्या, पूर्वेला ठाणे-मुलुंड-भांडुप, पश्चिमेला दहिसर-बोरिवली-कांदिवली-मालाड-गोरेगाव. या चौकटीत साष्टी बेटाचा कणा म्हणजे ही डोंगररांग. तिच्यातला सुमारे १०४ चौरस किलोमीटरचा भाग आज संजय गांधी राष्ट्रीय उद्यान म्हणून राखलेला आहे. काही भाग मुंबई उपनगर जिल्ह्यात, काही ठाणे जिल्ह्यात, आणि घोडबंदरकडचा एक तुकडा खाडीपलीकडे. मुंबईच्या नद्याही इथल्याच. मिठी येते विहार आणि पवई तलावांच्या सांडव्यातून, दहिसर नदी येते तुळशीकडून, पोयसर आणि ओशिवरा याच डोंगरांच्या पश्चिम उतारावरून. त्या पश्चिमेला समुद्राकडे जातात. आपल्या बाजूचं पाणी मात्र ओढ्या-नाल्यांनी पूर्वेला, ठाण्याच्या खाडीत. आपल्या मागच्या भिंतीला लागून वाहतो तो नाला त्यांतलाच एक. आपण त्याला नाला म्हणतो. पावसाळ्यात वरती चढून गेलं तर तो स्वच्छ झरा आहे.

या डोंगराचा इतिहास सांगायचा तर पाण्याचाच सांगावा लागतो. कान्हेरीच्या लेण्यांना शाळेच्या सहलीत आपण सगळेच गेलोय. शंभराहून जास्त लेणी, इसवी सनाच्या सुरुवातीच्या काळापासून जवळजवळ हजार वर्षं तिथे बौद्ध भिक्खू राहत होते. 'कृष्णगिरी' म्हणजे काळा डोंगर, त्यावरून कान्हेरी. तिथल्या शिलालेखांत कल्याण, सोपारा अशी आपल्या ओळखीची गावं येतात. म्हणजे व्यापारी तिकडून देणग्या द्यायचे. इ. स. १००९ आणि १०२१ मध्ये येऊन गेलेल्या पारशी मंडळींनी पहलवी लिपीत आपली नावं कोरून ठेवली आहेत. पण मला सर्वांत जास्त नवल वाटतं ते लेण्यांजवळ कोरलेल्या पाण्याच्या टाक्यांचं. उतारावरून येणारं पाणी दगडात कोरलेल्या पन्हळींनी टाक्यात घ्यायचं आणि वर्षभर पुरवायचं. आजच्या भाषेत रेन वॉटर हार्वेस्टिंग. आपण त्यासाठी २००९ साली कंत्राटदार नेमला होता आणि दोन वर्षांत ती टाकी गाळाने भरली, हे जुन्या सभासदांना आठवत असेल.

पुढे साष्टी पोर्तुगिजांकडे गेली, चिमाजी आप्पांच्या मोहिमेत मराठ्यांकडे आली, १७७४ मध्ये इंग्रजांनी घेतली. डोंगर तिथेच होता. त्याची खरी गरज मुंबई शहराला लागली ती एकोणिसाव्या शतकात, विहिरींचं पाणी पुरेना तेव्हा. १८५६ मध्ये विहारचं काम सुरू झालं आणि १८६० मध्ये नळाचं पाणी शहरात पोचलं. मुंबईच्या नळाच्या पाण्याची सुरुवात ही. मग १८७९ मध्ये तुळशी, १८९० च्या सुमारास पवई. पवईचं पाणी पिण्याजोगं ठरलं नाही, विहार आणि तुळशी आजही चालू आहेत. आजच्या हिशेबाने हे तलाव लहानच. मुंबईला रोज साधारण ३८५ कोटी लिटर पाणी मिळतं. तुळशी काठोकाठ भरला तर त्यात सुमारे ८०५ कोटी लिटर मावतं, म्हणजे दोन दिवसांचं. विहारमध्ये सुमारे २७७० कोटी, म्हणजे आठवडाभराचं. बाकी सगळं दूरच्या धरणांतून येतं.

मग या दोन तलावांचं महत्त्व काय? तर त्यांच्यामुळे जंगल राहिलं. पिण्याच्या पाण्याच्या तलावाभोवती वस्ती नको, गुरं नकोत, घाण नको, म्हणून पाणलोटातली जमीन राखून ठेवली गेली. त्या राखलेल्या जमिनीभोवती पुढे उद्यान वाढलं. आधी वीस-एकवीस चौरस किलोमीटरचं कृष्णगिरी उद्यान, १९६९ पासून आजूबाजूची राखीव वनं जोडत मोठं झालेलं बोरिवलीचं राष्ट्रीय उद्यान, आणि १९८० च्या दशकात मिळालेलं आजचं नाव. जगातल्या मोठ्या शहराच्या पोटात एवढं जंगल कसं, असं लोक विचारतात. उत्तर साधं आहे. शहराला तहान लागली होती.

जंगल रिकामं होतं असंही नाही. वारली, महादेव कोळी, कोकणा, मल्हार कोळी या आदिवासींचे पाडे तिथे पूर्वीपासून आहेत. आपल्या बाजारात मृगाच्या आधी शेवळं आणि त्याच्या जोडीला काकडं घेऊन ज्या मावशी बसतात, पावसात टाकळा, भारंगी, कंटोळी आणतात, त्या या डोंगरातूनच उतरून येतात. पंचवीस वर्षं आपण त्यांच्याशी दहा रुपयांसाठी घासाघीस केली. त्यांना जेवढ्या भाज्या ओळखता येतात, तेवढ्या मला मुलुंडच्या गल्ल्याही येत नाहीत.

आता आपल्या मिनिट्स बुकाकडे येतो.

जुलै २००४ ची सभा. त्या जून महिन्यात उद्यानाच्या कडेच्या वस्त्यांत बिबट्याच्या हल्ल्यांत अनेक माणसं गेली. संध्याकाळी सहानंतर आपली मुलं खाली खेळायला उतरत नव्हती. एका पहाटे वॉचमनने मागच्या भिंतीवर बिबट्या बसलेला पाहिला आणि तो केबिनमध्ये कडी लावून दोन तास बसला. तेव्हा सेक्रेटरी मी होतो. सभेत मीच ठराव मांडला की पिंजरा लावून बिबट्याला पकडावं आणि लांब नेऊन सोडावं, अशी मागणी करू. ठराव एकमताने मंजूर झाला. माझी सही आहे त्यावर.

तो ठराव चुकीचा होता, हे आज लिहून ठेवतो. अभ्यासकांनी पुढे दाखवून दिलं की बिबट्या पकडून दुसरीकडे सोडला तर प्रश्न सुटत नाही, उलट वाढतो. रिकाम्या जागी दुसरा येतो, आणि परक्या मुलखात सोडलेला बिथरतो. तो आपल्याकडे का येतो, याचं उत्तरही आपल्याच दारात होतं. मागच्या भिंतीवरून आपण कचऱ्याच्या पिशव्या टाकत होतो. कचऱ्यावर कुत्री, कुत्र्यांवर बिबट्या. २०११ पासून वनखात्याने अभ्यासक आणि स्वयंसेवकांना घेऊन वस्त्यांमध्ये हेच समजावून सांगायला सुरुवात केली. कॅमेरे लावून मोजणी झाली तेव्हा २०१५ मध्ये ३५ आणि २०१८ मध्ये ४७ बिबटे दिसले. म्हणजे ते कमी झालेले नाहीत, पण २००४ सारखा महिना पुन्हा आला नाही. वारली मंडळी वाघोबाला देव मानतात, त्याला नैवेद्य दाखवतात आणि रात्री आपल्या वाटेने जातात. आपण कचऱ्याची वेळ ठरवली, मागे दोन दिवे लावले, मुलांना एकटं सोडलं नाही. इतकंच लागत होतं.

दुसऱ्या वर्षी २६ जुलै. सांताक्रूझला चोवीस तासांत ९४४ मिलिमीटर पाऊस पडला, हा आकडा सगळ्यांना पाठ आहे. विहार तलावावर त्याहून जास्त, हजार मिलिमीटरच्या वर नोंद झाली. म्हणजे डोंगरावर पाऊस शहरापेक्षाही अधिक होता आणि ते सगळं पाणी खाली येत होतं. आपला नाला तुंबलेला. पाणी रस्त्यावर आलं आणि पुढच्या गेटातून आत शिरलं. पुढचं अंगण आपण दोनच वर्षांपूर्वी लाद्या बसवून चकचकीत केलं होतं. त्या अंगणात मांडीभर पाणी. बी विंगची मीटर रूम बुडाली, तीन दिवस वीज नव्हती. पहिल्या मजल्यावरच्या काकूंनी त्या रात्री जिन्यात बसलेल्या चाळीस माणसांना गॅसवर पिठलं-भात करून घातला, हे स्मरणिकेत यायलाच हवं.

आणि मागची बाजू? मागे वीस फुटांची मातीची पट्टी आहे. एक उंबर, तीन करंज, बाकी गवत आणि काकांची कढीलिंबाची झाडं. भिंत दोन ठिकाणी कलली, चिखल झाला, पण माती जागची हलली नाही. झाडांच्या मुळांनी ती धरून ठेवली. ही साधी गोष्ट नाही. १२ जुलै २००० रोजी, आपण इथे राहायला आलो त्याच वर्षी, याच रांगेच्या दक्षिणेकडच्या टेकडीवर घाटकोपरला दरड कोसळून साठाहून अधिक माणसं दगावली होती. उतार उघडा पडला, झाडं गेली, की पावसाळ्यात डोंगर खाली येतो.

तिसरी गोष्ट सर्वांत लांबलेली. २००६ मध्ये एका सभासदाने फ्लॅट विकायला काढला. पत्नीच्या उपचारांसाठी पैसे हवे होते. व्यवहार ठरला, बयाणा घेतला आणि कागदपत्रं नोंदणीला गेली ती परत आली. सातबारा काढून पाहिला तर इतर हक्कात शेरा : खाजगी वन. आपली तीन विंगांची, सात मजली, भोगवटा प्रमाणपत्र मिळालेली सोसायटी कागदावर जंगल होती.

भानगड अशी. १९२७ च्या भारतीय वन कायद्यातल्या ३५ व्या कलमाखाली १९५० च्या दशकात मुलुंड, विक्रोळी अशा भागांतल्या खाजगी जमिनींबाबत नोटिसा काढल्या गेल्या होत्या. पुढे १९७५ मध्ये महाराष्ट्राचा खाजगी वने संपादन कायदा आला आणि अशा जमिनी ३० ऑगस्ट १९७५ पासून सरकारजमा झाल्या, असं मानलं गेलं. पण मधल्या काळात त्याच जमिनींवर बांधकामाच्या परवानग्या मिळत गेल्या, इमारती उठल्या, आपण आयुष्याची कमाई घातली. २४ मार्च २००८ रोजी मुंबई उच्च न्यायालयाने या जमिनी वनच आहेत असा निकाल दिला. त्या दिवसाची सभा मला आठवते. कोणी बोलेना. प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेलं. फ्लॅट विकता येईना, त्यावर कर्ज मिळेना, एका मुलीचं ठरलेलं लग्न "यांचं घर बेकायदा आहे" म्हणून मोडलं. ज्या सभासदाला पैशांची गरज होती, त्यांनी दागिने विकले. वहिनी पुढच्या वर्षी गेल्या. घर मात्र विकलं गेलं नाही, ते आजही तिथेच राहतात.

३० जानेवारी २०१४ ला सर्वोच्च न्यायालयाचा निकाल आला. पन्नास वर्षांपूर्वी नुसती नोटीस काढली, ती बजावली नाही, तिचा पाठपुरावा केला नाही, आणि उलट बांधकामाला परवानग्या देत राहिले, एवढ्यावरून जमीन वन ठरत नाही, असं न्यायालयाने म्हटलं. आपण सुटलो. गेटवर पेढे वाटले.

मी मात्र त्या आठ वर्षांत ते कलम इतक्यांदा वाचलं की पाठ झालं. खाजगी जमिनीवरचं जंगल का राखायचं, याची कारणं त्यात लिहिली आहेत. पूर आणि घरंगळणारे दगड यांपासून संरक्षण. उतारावरची माती टिकवणं, दरडी थांबवणं. झरे, नद्या, तलाव यांतलं पाणी राखणं. वाचताना प्रत्येक वेळी २६ जुलै डोळ्यांसमोर यायचा. ज्या नोटिशीने आपली झोप उडवली, तिच्यामागचा हेतू आपल्या रक्षणाचाच होता. ती राबवली गेली नाही आणि तिचा भुर्दंड आपल्याला बसला, हे खरं. पण न्यायालयाने आपल्याला कागदावर मोकळं केलं म्हणून पाण्याने आपला उतार बदलला, असं नाही.

त्यानंतरही रेषा आखणं चालूच आहे. डिसेंबर २०१६ मध्ये केंद्र सरकारने उद्यानाभोवती इको सेन्सिटिव्ह झोन जाहीर केला, कुठे शंभर मीटर तर कुठे चार किलोमीटर रुंद. जुलै २०२४ मध्ये डोंगराखालून जाणाऱ्या दोन बोगद्यांच्या कामांचं भूमिपूजन झालं. गोरेगाव-मुलुंड रस्त्याचा जुळा बोगदा पावणेपाच किलोमीटरच्या आसपास, ठाणे-बोरिवलीचा दहाहून थोडा जास्त. झाले की मी वहिनीकडे अर्ध्या तासात पोचेन. आनंदच आहे. पण मग सूर्य माझ्याकडे मावळतो आणि तिच्याकडे उगवतो, एवढीच त्या डोंगराची आठवण राहू नये.

गेल्या वर्षी पावसाळ्याच्या शेवटी नातवाला घेऊन उद्यानात कारवी पाहायला गेलो. कारवी आठ वर्षांनी एकदा फुलते. २०००, २००८, २०१६, २०२४. उतारच्या उतार जांभळे. आदिवासी घरांचे कुड याच कारवीच्या काठ्यांचे असतात. नातवाने विचारलं, "आजोबा, पुढच्या वेळी?" मी म्हटलं, २०३२. तो हिशेब करून म्हणाला, "तेव्हा मी कॉलेजात असेन." मी माझा हिशेब केला नाही.

आता तो ठराव. मागच्या पट्टीत काँक्रीट करून बारा गाड्यांची सोय करायची. उंबर आणि दोन करंज काढावे लागतील. गाड्यांची अडचण खरी आहे. प्रतीक्षा यादीत माझ्या मुलाचा नंबर सातवा आहे, म्हणजे ठराव झाला तर फायदा आमच्याच घरात येतो. तरीही मी सभेत विरोधात हात वर करणार आहे. पुढच्या अंगणातल्या लाद्यांनी २००५ साली काय केलं, ते मीटर रूमच्या भिंतीवर अजून दिसतं. कमरेएवढ्या उंचीवर एक तपकिरी रेघ आहे. गेल्या रंगकामात ती पुसायची राहिली. सभेच्या आधी प्रत्येकाने एकदा जाऊन ती पाहावी आणि मग मागच्या दाराने पट्टीत येऊन उंबराखाली पाच मिनिटं उभं राहावं.

२००४ साली माझा ठराव एकमताने मंजूर झाला होता. यंदाचा एकमताने होऊ नये, एवढी माझी विनंती आहे. थोडी चर्चा करू, वेळ लागला तरी चालेल. चहा माझ्याकडून.